प्रेस्टन स्टर्जेसचा सात डीव्हीडींचा संच: जुना मिळाला तरी घ्या

हा संच अमेरिकेत २००६ साली निघाला. सात डिस्क, सात चित्रपट, सगळे कृष्णधवल, सगळे १९४० ते १९४४ या काळात पडद्यावर आलेले. सातही चित्रपटांचा लेखक आणि दिग्दर्शक एकच, प्रेस्टन स्टर्जेस. माझ्या हातात आला तो वापरलेला संच. भाचा न्यू जर्सीत एडिसनला असतो. त्याने तिथल्या एका ऑनलाइन विक्रेत्याकडून तो २५ डॉलरांना घेतला आणि मे महिन्यात येताना बॅगेत कपड्यांच्या घडीत घालून आणला. "मावशी, डीव्हीडी आता कोण बघतं गं?" असं विचारत त्याने तो माझ्यापुढे ठेवला.

मी बघते. आणि हा संच तर मी दोन महिन्यांत तीनदा पाहिला.

मी मराठी मालिकांचे संवाद लिहिते, गेली १९ वर्षं. त्याआधी डोंबिवलीत एकांकिका लिहायचे. वनलाइन, म्हणजे एपिसोडची थोडक्यातली गोष्ट, येते, मग सीन येतात, रात्री संवाद लिहून पाठवायचे आणि सकाळी सेटवर त्याचं शूटिंग. या कामावर माझं प्रेम आहे, म्हणून स्टर्जेसबद्दल मी एक प्रेक्षक म्हणून कमी आणि त्याच धंद्यातली एक म्हणून जास्त बोलणार आहे. या माणसाने लेखकाच्या खुर्चीतून उठून दिग्दर्शकाची खुर्ची कशी मिळवली, आणि तिथे बसून त्याने पहिलं काम काय केलं, हे या सात डिस्कमध्ये डोळ्यांसमोर घडताना दिसतं.

आधी व्यवहाराचं. डीव्हीडी कुठे चालावी यासाठी जगाचे रीजन, म्हणजे विभाग, पाडलेत. या डिस्क अमेरिकेतल्या आहेत, म्हणजे रीजन १. आपल्याकडचा प्लेअर रीजन ५ चा असतो, त्यावर त्या चालणार नाहीत. सगळ्या रीजनच्या डिस्क चालवणारा प्लेअर लागतो. इंग्रजी सबटायटल आहेत आणि ती लावाच, कारण ही माणसं श्वास न घेता बोलतात. मुलाखती, माहितीपट अशा जास्तीच्या गोष्टींसाठी हा संच घेऊ नका, त्या बाबतीत हात रिकामाच राहतो. चित्र मात्र स्वच्छ आहे. 'द लेडी ईव्ह'मधल्या रात्रीच्या प्रसंगांत बार्बरा स्टॅनविकच्या पोशाखावरची चमक ओळखू येते. ते पोशाख वेशभूषाकार एडिथ हेडचे, आणि ती चमक दिसणं कथेसाठी गरजेचं आहे.

आता माणूस. स्टर्जेसचा जन्म १८९८ सालचा, शिकागोचा. आई मेरी डेस्टी ही इसाडोरा डंकन या नर्तिकेची जिवाभावाची मैत्रीण. तिने पोराला घेऊन युरोपभर भ्रमंती केली, कधी पॅरिस, कधी बायरॉइट. पोरगा शिकागोच्या शाळेत ग्रीक पद्धतीचा अंगरखा घालून गेला, तोही तिच्याच हौसेपायी. सावत्र वडील सॉलोमन स्टर्जेस शिकागोचे शेअर दलाल, स्थिर आणि प्रेमळ. त्यांनी या मुलाला आपलं नाव दिलं. आईवडील वेगळे व्हायची वेळ आली तेव्हा लहानग्याने आपल्याला बाबांजवळ राहायचंय असं सांगितलं, आणि तेव्हा त्यांनी त्याला सांगितलं, मी तुझा बाप नाही. ही हकीकत स्टर्जेसने स्वतः लिहून ठेवली आहे. ती वाचल्यापासून मला त्याच्या चित्रपटांतली सगळी सोंगं वेगळी दिसायला लागली. कुणी दुसऱ्याच नावाने वावरतंय, कुणी नसलेला मान अंगावर वागवतंय, आणि प्रत्येकाला कधी ना कधी कुणीतरी सांगतं, तू तो नाहीस. १९२७ साली नीसमध्ये इसाडोरा डंकनचा स्कार्फ मोटारीच्या चाकात अडकून ती गेली, तो स्कार्फ मेरी डेस्टीनेच तिला दिलेला होता.

तरुणपणी त्याने आईच्या सौंदर्यप्रसाधनांच्या धंद्यात काम केलं आणि चुंबनाने पुसली न जाणारी लिपस्टिक काढली. लिहायला लागला तो तिशीच्या आसपास, अपेंडिक्सच्या ऑपरेशननंतर अंथरुणात पडल्या पडल्या नाटकाबद्दल वाचत असताना. १९२९ मध्ये त्याचं 'स्ट्रिक्टली डिसऑनरेबल' ब्रॉडवेवर आलं आणि वर्षभराहून जास्त चाललं. मग हॉलिवूड. १९३३ च्या 'द पॉवर अँड द ग्लोरी'ची त्याने नुसती कल्पना न विकता पूर्ण पटकथा लिहून नेली आणि मोबदल्यात पैशांबरोबर चित्रपटाच्या कमाईतला वाटाही मागितला. त्या काळात पाच-पाच लेखक एकाच पटकथेवर एकामागोमाग बसवले जायचे. अशा ठिकाणी एकट्याने लिहिलेली पटकथा जवळपास जशीच्या तशी चित्रित झाली. आमच्याकडे आजही एखादा एपिसोड तसा गेला तर लेखक घरी पेढे आणतो.

पुढची काही वर्षं तो भरपूर पगार घेणारा पटकथाकार होता. पण आपलं लिखाण दुसऱ्याच्या हातात गेल्यावर त्याचं काय होतं ते बघणं त्याला सोसेना. म्हणून त्याच्याकडे बरीच वर्षं पडून असलेली एक पटकथा त्याने पॅरामाउंटला अवघ्या १० डॉलरांना दिली. अट एकच, दिग्दर्शन मी करणार.

ती पटकथा म्हणजे 'द ग्रेट मॅकगिंटी', १९४०. संचातला पहिला चित्रपट. निवडणुकीच्या रात्री एक भुकेला भणंग दोन डॉलरला एक मत या दराने वेगवेगळ्या नावांनी ३७ वेळा मत देऊन येतो आणि तिथून राजकारणात चढत चढत गव्हर्नर होतो. आयुष्यात एकदाच प्रामाणिकपणे वागायला जातो आणि त्यातच बुडतो. मूळ पटकथेचं ऑस्कर त्या वर्षी पहिल्यांदा दिलं गेलं, ते याच पटकथेला. ब्रायन डॉनलेव्ही आणि एकिम टॅमिरॉफ यांची मारामारी बघण्यासारखी आहे. दिग्दर्शक म्हणून मात्र स्टर्जेस इथे अजून हात साफ करतोय, मधला भाग रेंगाळतो. म्हणून पहिला असला तरी इथून सुरुवात करू नका.

सुरुवात 'द लेडी ईव्ह'ने करा, १९४१. त्यातल्या एका प्रसंगासाठी मी हा संच पुन्हा विकत घेईन, तोच इथे नीट सांगते.

जहाजावरचं भोजनगृह. चार्ल्स पाइक, म्हणजे हेन्री फोंडा, बिअर विकून गडगंज झालेल्या घरचा वारस, वर्षभर ॲमेझॉनच्या खोऱ्यात साप शोधून परत निघालाय. एकटाच बसलाय आणि सापांवरचं पुस्तक वाचतोय. जहाजावरच्या सगळ्या लग्नाळू पोरी आणि त्यांच्या आया त्याच्याकडे डोळे लावून आहेत. पत्त्यांत लोकांना लुबाडणारी जीन, म्हणजे स्टॅनविक, त्याच्याकडे पाठ करून बसलीय. तिच्या हातात पावडरची डबी आहे, त्यातल्या छोट्या आरशात तिला मागचं सगळं दिसतंय. आणि ती बोलायला लागते. अमकी उठली, आता रुमाल पाडणार. तमकीला वाटतंय याने आपल्याला ओळखावं. हा बघा, याने मान वर केली, पुन्हा खाली घातली. त्या बायकांचा आवाज आपल्याला ऐकू येत नाही. त्यांच्या तोंडची वाक्यंही जीनच बोलते, चार्ल्सच्या मनातलीही तीच. आरशाच्या चौकटीत एक मुका सिनेमा चाललाय, आणि त्याची लेखिकाही तीच, दिग्दर्शिकाही तीच. मग चार्ल्स वैतागून उठतो, तिच्या टेबलाजवळून जायला लागतो, आणि ती शांतपणे पाय पुढे करते. तो आडवा.

माझी आई ८१ वर्षांची आहे, इंग्रजी चित्रपट तिने फारसे पाहिलेले नाहीत. हा प्रसंग मी तिला थांबवून थांबवून सांगत होते. थोड्या वेळाने तिने हात वर करून मला गप्प केलं. म्हणाली, "कळतंय गं, लग्नाच्या पंगतीतसुद्धा असंच चालतं." तो पडला तेव्हा ती डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली, आणि पुढे तो पाच-सहा वेळा पडतो, प्रत्येक वेळी तितकीच हसली.

लिहिणाऱ्याने तो प्रसंग कागदावर कसा दिसला असेल याचा विचार करावा. अख्ख्या खोलीतल्या माणसांना संवाद मिळालेत आणि तोंड एकाचंच हलतंय. जिला आपण पाच सेकंद बघतो, त्या बाईलाही स्वतःची अक्कल आहे, स्वतःचा डाव आहे. स्टर्जेसबद्दल मला सांगायचंय ते हेच. त्याने दिग्दर्शकाची खुर्ची मिळवली आणि ती बिनमहत्त्वाच्या माणसांना बोलू देण्यासाठी वापरली. नायक-नायिकेला चांगले संवाद कुणीही देतो. याच्या चित्रपटात दार उघडणारा नोकर, स्टेशनवरचा हमाल, कचेरीतला हेडक्लार्क, तुरुंगातला जुना कैदी, यांतल्या कुणालाही तुम्ही नंतर विसरत नाही.

मागच्या वर्षी एका मालिकेत मी एका भाजीवालीला सहा ओळी लिहिल्या होत्या. नायिका तिच्याकडे नेहमी जाते, आज रडलेल्या डोळ्यांनी आलीय, भाजीवालीच्या ते ध्यानात येतं, आणि ती पालेभाजी निवडता निवडता आपल्या नवऱ्याबद्दल एक साधीशी गोष्ट सांगते. सेटवर पाच ओळी गेल्या. "ताई, कोथिंबीर ताजी आहे" एवढी उरली. कारण असं की लक्ष नायिकेवरून हटतं. तो एपिसोड मी घरी पाहिला आणि त्या बाईचा चेहरा बघवेना. चांगली नटी होती, संवाद पाठ करून आली होती.

म्हणून 'ख्रिसमस इन जुलै' माझ्या काळजाला भिडतो. अवघ्या ६७ मिनिटांचा चित्रपट. डिक पॉवेल कचेरीत आकडेमोड करणारा साधा कारकून आहे. एका कॉफी कंपनीने घोषवाक्याची स्पर्धा काढलीय, बक्षीस २५,००० डॉलर. याने एक घोषवाक्य पाठवलंय, ते मुळात कुणाला धड कळतही नाही. कामात त्याचं लक्ष नाही, म्हणून हेडक्लार्क मिस्टर वॉटरबरी त्याला आत बोलावतो. आता हा बॉस झापणार, असं आपल्याला वाटतं. वॉटरबरी सांगतो की २५,००० डॉलरची स्वप्नं मीही पाहिली. एक दिवस कळून चुकलं की ते आपल्याला कधी मिळणार नाहीत. आणखी बऱ्याच दिवसांनी दुसरं एक कळलं, की म्हणून मी अपयशी ठरत नाही. आपलं काम नीट करतो, देणी वेळेवर देतो, लोकांच्या डोळ्याला डोळा भिडवतो, म्हणजे मी यशस्वी आहे. शेकड्यात अर्धा माणूस यशस्वी आणि बाकी सगळे अपयशी, अशी व्यवस्था बरोबर असूच शकत नाही. एवढं बोलून तो त्याला कामाला पाठवतो. पुढे या माणसाला चित्रपटात फारसं काही काम नाही. हे बोलणारा नट हॅरी हेडन. माझे बाबा ३४ वर्षं एकाच टेबलावर बसून नोकरी करून निवृत्त झाले, त्यांना असं बोलताना मी कधी ऐकलं नाही, पण त्यांच्या चेहऱ्यावर हे होतं.

'सलिव्हन्स ट्रॅव्हल्स' सगळ्यात गाजलेला, आणि सगळ्यात विस्कळीतही. विनोदी चित्रपट करणाऱ्या एका यशस्वी दिग्दर्शकाला गरिबांच्या दुःखावर गंभीर चित्रपट काढायचाय. त्याचं नाव असणार 'ओ ब्रदर, व्हेअर आर्ट दाऊ?' पुढे २००० साली कोएन बंधूंनी आपल्या चित्रपटाला हेच नाव दिलं, ते इथून उचललेलं. गरिबी कळावी म्हणून सलिव्हन, म्हणजे जोएल मॅक्री, भिकाऱ्याचे कपडे घालून निघतो. निघण्याआधी त्याचा बटलर, रॉबर्ट ग्रेग, त्याला अडवतो. जाड शरीराचा, संथ आवाजाचा म्हातारा. तो म्हणतो, गरिबी म्हणजे कशाचा तरी अभाव असं श्रीमंतांना आणि पुस्तकी लोकांना वाटतं. ती एक रोगराई आहे, पटकीसारखी पसरणारी, तिच्यापासून लांबच राहावं, अभ्यासासाठीही तिच्या वाटेला जाऊ नये. अख्ख्या चित्रपटाला टाचणी लावणारं हे बोलणं स्टर्जेसने बटलरच्या तोंडी दिलं, आणि कॅमेरा त्याच्यावर ठेवला.

पुढे सलिव्हन खरोखरच साखळदंडातल्या कैद्यांमध्ये जाऊन पडतो. तिथे जिमी कॉनलिन नावाचा किरकोळ अंगाचा नट जुना कैदी झालाय, तो याला सांभाळून घेतो. एका रात्री कैद्यांना कृष्णवर्णीयांच्या चर्चमध्ये सिनेमा बघायला नेतात. पाद्री आपल्या लोकांना आधीच सांगतो की आपले पाहुणे येणार आहेत, त्यांना परकं वाटेल असं काही करू नका. मग दिवे मंद होतात, साखळ्या ओढत कैद्यांच्या रांगा आत येतात आणि मंडळी 'गो डाऊन मोझेस' गातात. नंतर पडद्यावर डिस्नेचा 'प्लेफुल प्लूटो' लागतो, तो कुत्रा माशीच्या चिकट कागदात अडकतो आणि सगळे हसतात. त्या प्रसंगातला पाद्री जेस ली ब्रुक्स. त्या काळातल्या हॉलिवूडमध्ये कृष्णवर्णीयांना इतक्या आदराने दाखवणं दुर्मिळ होतं, आणि कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या एनएएसीपी या संघटनेचे सचिव वॉल्टर व्हाइट यांनी स्टर्जेसला पत्र लिहून त्याबद्दल आभार मानले.

एवढं कौतुक केल्यावर हेही सांगायलाच हवं की याच चित्रपटाच्या पहिल्या भागात गाडीच्या पाठलागात एका कृष्णवर्णीय स्वयंपाक्याची जी थट्टा केलीय ती बघवत नाही. 'द पाम बीच स्टोरी'तही आगगाडीतल्या बारवाल्याला दारू प्यालेले शिकारी धाकात ठेवतात, तो भाग मी पुढे पळवते. प्रत्येक फालतू माणसाला माणूस म्हणून लिहिणाऱ्या लेखकाचा हात इथे आखडला. त्याला चर्चचा प्रसंग लिहिता येत होता, म्हणून हे जास्त लागतं.

'द पाम बीच स्टोरी', १९४२, मात्र बाकी सगळा उत्सव आहे. क्लॉडेट कोल्बर्टचं लग्न मॅक्रीशी झालंय, पैसे नाहीत, भाडं थकलंय. घर बघायला आलेला एक म्हातारा, ठार बहिरा, सॉसेजच्या धंद्यात अमाप पैसा कमावलेला, न्हाणीघरात लपलेल्या तिला भेटतो आणि खिशातून ७०० डॉलर काढून देतो. का, तर त्याला द्यावेसे वाटले. स्वतःच्या सॉसेजबद्दल सांगतो, खाऊ नका, जास्त जगाल. मध्येच थांबून काळाच्या थंड हातांबद्दल एक कविता म्हणतो. हा नट रॉबर्ट डडली. पुढे रूडी व्हॅली अब्जाधीश हॅकनसॅकर म्हणून येतो. रात्री आगगाडीत वरच्या बर्थवर चढताना कोल्बर्टचा पाय त्याच्या चेहऱ्यावर पडतो, चष्मा फुटतो. तो दुसरा लावतो, तोही फुटतो, आणि तो एका शब्दाने तक्रार करत नाही. प्रत्येक खर्च छोट्या वहीत टिपून ठेवतो आणि बेरीज मात्र कधीच करत नाही. ही दुनिया स्टर्जेसला आतून माहीत होती. त्याची दुसरी बायको एलेनर हटन ही पाम बीचला मोठा महाल असलेल्या घरची मुलगी.

'हेल द कॉन्करिंग हीरो', १९४४, युद्ध चालू असताना काढलेला. गवताच्या ॲलर्जीमुळे सैन्यातून परत पाठवलेला पोरगा आईला तोंड दाखवायला लाजतोय. सहा मरीन सैनिक त्याला भेटतात आणि वीर म्हणून गावात घेऊन जातात. गाव त्याला थेट महापौर करायला निघतं. त्या सहांत एकजण अनाथ आहे, बग्सी. तो या पोराच्या आईसाठी सगळ्यांशी भांडायला उठतो, कारण त्याला आई नाही. फ्रेडी स्टील नावाच्या माजी विश्वविजेत्या मुष्टियोद्ध्याने ही भूमिका केलीय, आणि त्याच्या चेहऱ्यावरचं ते मुकं दुःख बघून आई म्हणाली, "याला कुणीतरी जेवायला घाला रे." या चित्रपटाची पटकथा आणि 'द मिरॅकल ऑफ मॉर्गन्स क्रीक'ची पटकथा, दोन्ही एकाच वर्षी ऑस्करच्या नामांकनात होत्या.

तो 'मिरॅकल' या संचात नाही, हक्क दुसऱ्या कंपनीकडे असल्यामुळे. ही संचातली सगळ्यात मोठी उणीव. तो वेगळा मिळवा आणि 'हेल'च्या आधी बघा.

राहिला 'द ग्रेट मोमेंट'. ईथरने भूल देणाऱ्या डॉ. मॉर्टन या दंतवैद्याची कथा. स्टुडिओने स्टर्जेसच्या हातातून घेऊन तो पुन्हा कापला आणि उशिरा लावला. एकदा बघा, शेवटी बघा.

आता ती नटमंडळी. विल्यम डेमरेस्ट या सातही चित्रपटांत आहे, आणि 'मिरॅकल'मध्येही. कॉनलिन, ग्रेग, फ्रँकलिन पँगबॉर्न, टॉर्बेन मेयर ही नावं पुन्हा पुन्हा दिसतात. स्टुडिओने तक्रार केली की तेच तेच चेहरे कशाला. स्टर्जेसचं म्हणणं होतं की माझ्या पहिल्या यशाला ज्यांनी हातभार लावला, त्यांना पुढच्या चित्रपटांत काम मिळण्याचा नैतिक हक्क आहे. लिहितानाही तो येरझारा घालत सगळ्यांच्या भूमिका स्वतः करून दाखवायचा आणि सेक्रेटरी टाइप करून घ्यायचा. हे एकदा कळलं की त्याचे संवाद असे का धावतात ते कळतं. ते आधी बोलले गेलेत आणि नंतर कागदावर आलेत. मी आता सीन मोठ्याने बोलून लिहिते. घरचे दार लावून घेतात.

संच १९४४ ला संपतो, स्टर्जेस पुढे १५ वर्षं जगला. पॅरामाउंट सोडून तो उद्योगपती हॉवर्ड ह्यूजबरोबर भागीदारीत गेला, मूकपटांतला विनोदी नट हॅरॉल्ड लॉइडला घेऊन चित्रपट केला, तो ह्यूजने नंतर कापून वेगळ्या नावाने लावला. १९४८ चा 'अनफेथफुली युवर्स' उत्तम आहे, पण चालला नाही. सनसेट बुलेव्हार्डवर त्याने 'द प्लेयर्स' नावाचं रेस्टॉरंट काढलं होतं, ते वर्षानुवर्षं त्याचे पैसे गिळत राहिलं. डिझेल इंजिनांची कंपनीही होती. शेवटची काही वर्षं पॅरिसमध्ये गेली, १९५५ मध्ये तिथेच त्याने शेवटचा चित्रपट केला. ६ ऑगस्ट १९५९ ला न्यूयॉर्कच्या अल्गोंक्विन हॉटेलात तो आत्मचरित्र लिहीत होता. पोटात जळजळतंय, औषध घेतो, आडवा होतो आणि देवाची प्रार्थना करतो की मरू नये, अशा अर्थाचं काहीतरी त्याने कागदावर उतरवलं आणि थोड्याच वेळात हृदयविकाराने गेला. वय ६०. पत्नी सँडी स्टर्जेसने ते लिखाण जुळवून १९९० मध्ये पुस्तक काढलं. हातात पैसा नव्हता, काम नव्हतं, तरी शेवटच्या ओळीपर्यंत त्याचं वाक्य सरळ चालत होतं. मी ती ओळ वाचली त्या रात्री माझा एपिसोड द्यायचा होता. तासभर काही लिहिता आलं नाही.

घेणाऱ्यांसाठी शेवटची एक गोष्ट. वापरलेला संच घेताना विक्रेत्याला प्रत्येक डिस्कच्या चकचकीत बाजूचा फोटो मागा. माझ्या संचात 'हेल'च्या डिस्कवर ओरखडा निघाला, स्टेशनवरच्या स्वागताच्या प्रसंगात चित्र अडकायचं. मऊ सुती कापडाने मधून कडेकडे पुसली, गोल गोल फिरवून नाही, मग चालली. भाच्याने विक्रेत्याला कळवलं, उत्तर आलं नाही. २५ डॉलरला सात चित्रपट, त्यातले पाच पुन्हा पुन्हा बघण्यासारखे. मला हा सौदा महाग वाटत नाही. लिहिणाऱ्या पोरांनी तर चौघांत मिळून घ्यावा.

'पाम बीच'ची डिस्क सध्या प्लेअरमध्येच असते. दुपारी चहा झाला की आई सांगते, ते सॉसेजवाले आजोबा लाव.